बर्ड्स नेस्ट फर्न : गाभा कुजू न देता लावण्याची आणि वाढवण्याची पद्धत

‘रोज न चुकता पाणी घालत होतो, तरी मधूनच काळा पडला.’ बर्ड्स नेस्ट फर्नबद्दल ही तक्रार मी इतक्यांदा ऐकली आहे की रोप न पाहताही माझा पुढचा प्रश्न ठरलेला असतो : पाणी कुठे घालत होतात? उत्तरही ठरलेलेच. मधोमध, त्या घरट्यात.

चूक पाण्याच्या जागेत दिसते, पण तिचे मूळ आधीच्या एका गैरसमजात असते. शास्त्रीय भाषेत ॲस्प्लेनियम नायडस म्हटला जाणारा हा सदाहरित नेचा, म्हणजेच फर्न, बहुतेक वेळा जमिनीत वाढतच नाही. आशियाच्या उष्ण, दमट जंगलांत तो झाडांच्या फांद्यांवर आणि खोडांवर बसतो. पसरट पानांच्या पेल्यात वरून गळणारा पालापाचोळा झेलतो आणि तो कुजला की त्यातच मुळे पसरतो. त्याच्या मुळांना ओल हवी असते आणि त्या ओलीइतकीच हवाही. आपण त्याला मातीच्या कुंडीत गच्च दाबून बसवतो आणि तिथून घसरण सुरू होते.

पुढचे टप्पे दिलेल्या क्रमानेच करा. बहुतेक लोक आधी कुंडी आणतात, मग ती मातीने भरतात आणि सगळ्यात शेवटी जागा शोधतात. इथे जागा आधी ठरवायची, कारण किती पाणी लागणार हे जागेवर ठरते आणि मिश्रण किती मोकळे हवे हे पाण्यावर.

## १. रोप घेताना काय पाहायचे

गाभ्यात डोकवा. मधोमध तपकिरी लव असलेला घट्ट गोळा आणि त्यातून वर येणाऱ्या एक-दोन कोवळ्या गुंडाळ्या दिसायला हव्यात. गुंडाळ्यांना बोट लावू नका, त्या काचेसारख्या मोडतात. गुंडाळीवर पडलेला डाग पान उलगडले की त्याच्याबरोबर वाढत जातो आणि पान असेपर्यंत राहतो. गाभ्याला कुबट वास येत असेल किंवा तिथे काळपट ओल असेल तर रोप कितीही भरगच्च दिसो, घेऊ नका.

एका कुंडीत किती गाभे आहेत तेही मोजा. ऊतिसंवर्धनातून, म्हणजे प्रयोगशाळेत पेशींपासून वाढवून आलेली रोपे बरेचदा तीन-चार एकत्रच लावलेली असतात. एकच मोठे रोप आहे असे आपल्याला वाटते आणि वर्षभराने पाने एकमेकांत घुसून सगळीच वाकडी होतात. अशी रोपे लहान असतानाच सोडवायची.

सावधान : एकाच गाभ्याचे रोप सुरीने कापून दोन होत नाहीत. या नेच्याला वाढीचे टोक एकच असते आणि ते कापले की रोप संपले. सोडवता येतात ती मुळातच वेगळी असलेली रोपे.

## २. जागा : सावली हवी, अंधार नको

भर दुपारी, रोप जिथे ठेवायचे तिथे पांढरा कागद धरा आणि त्यावर एक वीतभर उंचीवर हात धरा. सावलीच्या कडा ठळक, रेखीव पडल्या तर ऊन जास्त आहे. सावली पडलीच नाही तर उजेड कमी आहे. कडा धूसर पण हाताचा आकार ओळखू येतो, अशी जागा योग्य. सकाळचे कोवळे ऊन तास-दीड तास चालते. दुपारचे थेट ऊन मात्र पाने आधी पिवळट करते आणि नंतर त्यांवर कोरडे, कागदासारखे तपकिरी चट्टे पाडते. ते चट्टे परत हिरवे होत नाहीत.

उजेड कमी पडला तर रोप मरत नाही, म्हणून ती चूक उशिरा लक्षात येते. नवी पाने अरुंद, लांबट आणि लोळणारी येतात, घरट्याचा आकार मोडतो. त्यातच पाणी मात्र पूर्वीइतकेच दिले जाते आणि अंधारात ते वाळत नाही.

तापमान १६ ते २७ अंश सेल्सिअसच्या आसपास असले की वाढ चांगली होते. रात्री १० अंशांच्या खाली जात असेल तर रोप आत घ्या. वाऱ्याचाही विचार करा : ही पाने केळीच्या पानांसारखी रुंद आणि अखंड असतात, सतत झोत लागला की कडा फाटतात. वातानुकूलन यंत्राच्या किंवा पंख्याच्या थेट झोतासमोर ठेवाल तर टोके वाळणारच.

तपासा : रोप आणल्या दिवशी कुंडी बदलू नका. ठरवलेल्या जागी दहा-पंधरा दिवस आहे त्याच कुंडीत राहू द्या. जागा मानवली नाही तर ते लावणीआधी कळलेले बरे.

## ३. मिश्रण : इथे घाई करू नका

बागेतली माती अजिबात नको. ‘थोडी घातली तर काय होते’ असे विचारणारे खूप आहेत. मातीचे बारीक कण पाण्याबरोबर खाली सरकतात आणि जाड तुकड्यांमधल्या मोकळ्या जागा बुजवतात. पहिले दोन महिने सगळे ठीक दिसते, नंतर तळाचा तिसरा भाग चिखल होतो.

माझे मोजमाप असे :

- नारळाच्या सोडणाचे बोटाच्या पेराएवढे तुकडे : दोन भाग
- झाडाच्या सालीचे तुकडे : एक भाग
- अर्धवट कुजलेला, हाताने चुरडलेला पालापाचोळा : एक भाग
- लाकडी कोळशाचे वाटाण्याएवढे तुकडे : अर्धा भाग

साल मिळाली नाही तर सोडणाचे प्रमाण वाढवा. पालापाचोळा चाळून बारीक करू नका, पानांचे तुकडे ओळखू आले पाहिजेत. कोळसा लाकडाचाच हवा, साच्यात दाबून केलेल्या विटा नकोत.

सोडणाचे तुकडे वापरण्याआधी भिजवणे टाळता येत नाही. नारळाच्या सोडणात बरेचदा क्षार असतात आणि या नेच्याला क्षार सोसत नाहीत. रात्रभर पाण्यात बुडवून ठेवा, सकाळी ते चहासारखे झालेले पाणी ओतून द्या. असे तीनदा तरी करा, पाणी फिकट होईपर्यंत.

तपासा : तयार मिश्रण ओले करून मुठीत दाबा. दोन-चार थेंब गळावेत आणि मूठ उघडताच गोळा सुटून पसरावा. बोटांच्या फटींतून चिखल आला किंवा गोळा तसाच राहिला तर जाड तुकडे वाढवा.

## ४. कुंडी

मुळांच्या गठ्ठ्यापेक्षा सर्व बाजूंनी जेमतेम दोन सेंटिमीटर मोठी कुंडी पुरते. उंच कुंडीपेक्षा रुंद, उथळ कुंडी बरी, कारण मुळे फार खोल जात नाहीत. मातीची कुंडी बाजूंनीही वाळते, त्यामुळे पाणी जास्त घालण्याची सवय असलेल्यांसाठी तीच योग्य.

‘मोठी कुंडी दिली की लवकर मोठे होईल’ हा हिशेब इथे उलटा पडतो. मुळे पोहोचलेली नसतात तिथले पाणी कोणी ओढून घेत नाही. ते तसेच राहते आणि आंबते.

तळाला खड्यांचा थर देण्याची पद्धतही सोडून द्या. बारीक मिश्रणातले पाणी खालच्या जाड खड्यांत सहजी उतरत नाही, ते दोहोंच्या सीमेवर अडून राहते. म्हणजे निचरा वाढत नाही, उलट ओला थर मुळांच्या जवळ येतो. भोकावर जाळीचा तुकडा किंवा खापरी ठेवली की काम झाले.

## ५. लावणी

गाभ्यातून नवी गुंडाळी वर येऊ लागली की लावणीची वेळ झाली. थंडीत, वाढ थांबलेली असताना छेडू नका.

१. आदल्या दिवशी रोपाला पाणी द्या. कोरडी मुळे कुंडीच्या कडेला चिकटलेली असतात आणि ओढताना तुटतात.

२. पाने सैलसर गोळा करून एका हाताने आधार द्या, कुंडी आडवी करा आणि कडेवर थापट्या मारून गठ्ठा बाहेर सरकवा. पानांना धरून उपसू नका.

३. आता मुळे नीट पाहा. त्यांवर दाट तपकिरी लव दिसेल, हाताला ओल्या मखमलीसारखी लागणारी. पुष्कळ जण तिला बुरशी समजतात आणि गठ्ठा नळाखाली धरून घासतात. ती मुळांचीच लव आहे, पाणी धरून ठेवणारी. ती घासून काढली तर रोप महिनोन्‌महिने सावरत नाही. मऊ, काळे, बोटांत दाबले की सालपट सुटणारे मूळ मेलेले असते. फक्त तेवढेच कापा.

४. गठ्ठ्याखाली चिकट मातीचा गोळा असेल तर काडीने हलकेच मोकळा करा. सगळा काढलाच पाहिजे असा हट्ट नको.

५. कुंडीत थोडे मिश्रण घालून रोप बसवा आणि खोली ठरवा. पानांचे बुड जिथे एकत्र येते तो भाग मिश्रणाच्या वर एक बोटभर राहिला पाहिजे. रोप डुगडुगते म्हणून आणखी खोल दाबणे ही लावणीतली सर्वांत महाग पडणारी चूक आहे. डुगडुगत असेल तर दोन काड्यांचा आधार द्या, महिन्या-दोन महिन्यांत मुळे धरतील.

६. कडेकडेने मिश्रण सोडा. मुठीने दाबू नका, कुंडी दोन-तीनदा जमिनीवर हलके आपटली की ते आपोआप बसते.

७. कडेने पाणी फिरवा, तळातून वाहून जाऊ द्या आणि कुंडी जागेवर ठेवा. पुढचे सहा आठवडे खत नाही.

तपासा : पाणी घातल्यावर मिश्रण खाली बसते. गाभ्याभोवती ते अजूनही बोटभर खाली आहे ना, ते दुसऱ्या दिवशी पुन्हा पाहा.

## ६. पाणी : कुठे, केव्हा, किती

‘जंगलात पाऊस घरट्यातच पडतो की!’ हा आक्षेप बरोबर आहे, म्हणून त्याचे नीट उत्तर द्यायला हवे. जंगलातल्या घरट्यात सैल पालापाचोळा असतो, पाणी त्यातून झिरपून जाते, भोवती हवा खेळती असते आणि कोवळ्या गुंडाळ्या तासाभरात कोरड्या होतात. आपल्या खोलीत तेच पाणी घट्ट पेल्यात साचते आणि दिवसचे दिवस हलत नाही. त्यात गुंडाळी बुडून राहिली की ती बुडापासून मऊ पडते, तपकिरी होते आणि कुजण तिथून शेजारच्या गुंडाळ्यांत पसरते. बाहेर, मोकळ्या हवेत जम बसलेल्या रोपावर पाऊस पडला तर घाबरू नका. घरात मात्र पाणी कडेनेच द्यायचे, पाने उचलून, झारीची बारीक चोच मिश्रणावर टेकवून.

वार ठरवून पाणी देऊ नका. पाणी दिल्यावर कुंडी उचलून वजन लक्षात ठेवा आणि नंतर रोज उचलून पाहा. वजन जवळपास निम्म्यावर आले आणि मिश्रणात दोन पेरे खुपसलेले बोट जेमतेम ओलसर लागले, तर द्या. दिले की भरपूर, तळातून वाहीपर्यंत. घोट-घोट पाणी रोज दिले तर वरचा थर कायम ओला राहतो आणि खालची मुळे कोरडी. बशीत जमलेले पाणी पंधरा मिनिटांत ओतून टाका. वेळ सकाळची ठेवा.

मिश्रण पूर्ण कोरडे पडले असेल तर वरून घातलेले पाणी कडेने निसटून जाते आणि आपल्याला वाटते भरपूर मिळाले. अशा वेळी कुंडी बादलीत अर्धा तास बुडवा, गाभा पाण्याच्या वर ठेवून, आणि मग निथळू द्या.

पाणी जड असेल तर पानांची टोके तपकिरी होतात आणि मिश्रणावर पांढरा थर धरतो. पावसाचे साठवलेले पाणी मिळाले तर तेच वापरा, नाहीतर महिन्यातून एकदा कुंडीच्या दुप्पट पाणी ओतून क्षार धुऊन काढा.

पाने मलूल झाली की हात आपोआप झारीकडे जातो. आधी हे पाहा : कुंडी हलकी, पाने निस्तेज पण बुड घट्ट, म्हणजे तहान. कुंडी जड, बाहेरची पाने एकामागून एक पिवळी, बुड दाबले की मऊ, म्हणजे मुळे कुजत आहेत. दुसऱ्या स्थितीत घातलेले पाणी रोपाला संपवते.

फवारणीबद्दल थोडक्यात : पानांवर पाणी फवारल्याने हवेतला दमटपणा काही मिनिटांपुरताच वाढतो आणि थेंब ओघळून गाभ्यात जमतात. त्यापेक्षा चार-पाच कुंड्या जवळ-जवळ ठेवा. पानांवरची धूळ ओल्या मऊ फडक्याने पुसा, पूर्ण उलगडलेल्या पानांचीच. पाने चमकवणारे तेलकट फवारे नकोत.

## ७. खत

वाढीच्या काळात दर तीन-चार आठवड्यांनी, सांगितलेल्या मात्रेच्या पाव ते निम्मे पातळ केलेले द्रवखत, ओल्या मिश्रणावर, कडेने. थंडीत बंद. घरट्यात शेणखत किंवा गांडूळखत भरण्याचा सल्ला बरेच जण देतात, मी देणार नाही. जंगलातला पाचोळा हळूहळू कुजतो. मुठीने भरलेले खत मात्र ओल धरून कोवळ्या गुंडाळ्यांना चिकटून बसते.

## ८. झाडावर चढवायचा असेल तर

बागेत खरखरीत सालीचे, साल न टाकणारे झाड असेल तर या नेच्याची खरी जागा तीच. तो झाडाचा रस शोषत नाही, फक्त आधार घेतो. पावसाच्या सुरुवातीला हे काम करा, म्हणजे मुळे धरेपर्यंत ओल मिळत राहते.

मुळांभोवती सोडणाचे धागे आणि पाचोळा यांची ओली उशी करा. दोन फांद्यांच्या बेचक्यात किंवा खोडाच्या सावलीकडच्या बाजूला ती टेकवा. घरटे सरळ आभाळाकडे न ठेवता किंचित बाहेर झुकवा, म्हणजे जादा पाणी ओघळून जाईल. रुंद सुती पट्टी किंवा काथ्याने बांधा. पट्टी मुळांच्या उशीवरून जावी, गाभ्यावरून नाही. तांब्याची तार वापरू नका : तांबे या मुळांना घातक आहे, शिवाय बारीक तार मुळांत आणि झाडाच्या सालीत रुतते.

पहिले काही महिने कोरड्या दिवसांत रोज उशी भिजवावी लागते. हलवून पाहिल्यावर रोप सालीला घट्ट धरून असले की पट्टी काढा. आणि फांदी निवडताना पुढचा विचार करा, मोठे झालेले ओले घरटे फार जड होते. बसायच्या जागेच्या बरोबर वर ते नको.

## ९. रोग म्हणून घाबरण्याआधी

मोठ्या पानाच्या मागे मधल्या शिरेपासून कडेकडे जाणाऱ्या बारीक, समांतर तपकिरी रेघा दिसतात, कंगव्याने ओढल्यासारख्या. या रेघा पाहून रोपावर औषध मारणारे खूप जण भेटतात. त्या बीजाणूंच्या, म्हणजे नेच्याची नवी रोपे ज्यांपासून येतात त्या धुळीसारख्या कणांच्या, रांगा आहेत आणि रोप वयात आल्याची खूण. खवले कीड वेगळी : तिचे तपकिरी उंचवटे कसेही विखुरलेले असतात, नखाने खरवडले की सबंध निघतात आणि आसपास चिकट लागते. मुंग्यांची ये-जा असेल तर ही कीड शोधाच. साबणाच्या पातळ पाण्यात बुडवलेल्या कापसाने ती पुसून काढा, नंतर साध्या पाण्याने पान पुसा. कडक कीटकनाशकांनी नेच्याची पाने सहज भाजतात.

गुंडाळ्यांना रातोरात भोके पडली तर गोगलगाय. रात्री विजेरी घेऊन वेचा. शिरांच्या मधोमध आखल्यासारखे काळपट-तपकिरी पट्टे पसरत असतील तर पानांत शिरणारे सूत्रकृमी, म्हणजे डोळ्यांना न दिसणारे धाग्यासारखे कृमी, असू शकतात, ते पानावरच्या ओलीतून पसरतात. ते पान बुडाशी कापून टाका, कात्री उकळत्या पाण्यात धरा आणि पाने कोरडी ठेवा.

बाहेरचे एखादे जुने पान पिवळे पडणे हे म्हातारपण आहे. निम्मे हिरवे असेपर्यंत ते कापू नका.

गाभ्यात पाणी साचून एखादी गुंडाळी काळी पडली असेल तर : कुंडी आडवी करून पाणी काढा. फक्त मऊ भाग स्वच्छ चिमट्याने उचला. कागदाने ओल टिपा. रोप हवेशीर उजेडात तिरके ठेवा आणि आठवडाभर वरून काहीही घालू नका. मधला लवदार गोळा घट्ट असेल तर पुढची गुंडाळी येते. तोच मऊ पडला असेल तर रोप वाचत नाही.

## १०. नवी रोपे : बीजाणूंपासून

घरी रोपे वाढवायचा मार्ग हाच आणि त्याला धीर लागतो.

पानामागच्या रेघा गडद तपकिरी झाल्या की पानाचा वीतभर तुकडा कापा, रेघांची बाजू खाली करून पांढऱ्या कागदावर ठेवा. वारा नको. एक-दोन दिवसांत कागदावर तपकिरी भुकटी पडते. कागद हळूच तिरका करून टिचकी मारा : जाडसर भुसा आधी घरंगळतो, तो फेका. कागदाला धरून राहणारी बारीक धूळ म्हणजे बीजाणू. भुशात बुरशी असते आणि तोच पेरला गेल्याने बहुतेकांच्या पेट्या पांढऱ्या होतात.

पारदर्शक झाकणाच्या डब्यात दोन बोटे जाड बारीक कोकोपीट भरा, उकळते पाणी ओता, जादा पाणी काढा आणि झाकण लावूनच थंड होऊ द्या. मग झाकण क्षणभर उघडून बीजाणू भुरभुरवा, चिमटीचाही छोटा अंश पुरतो. दाट पेरले तर पुढे सगळेच खुरटते. डबा २० ते २५ अंशांत, उजेडात पण उन्हात नाही.

काही आठवड्यांत वर हिरवी साय धरते. तिला शेवाळ समजून टाकू नका. भिंग धरले तर हृदयाच्या आकाराचे नखाहून लहान पापुद्रे दिसतील. याच पापुद्र्यांच्या खालच्या बाजूला नर आणि मादी पेशी तयार होतात, आणि नर पेशी पाण्यातून पोहूनच मादी पेशीपर्यंत पोहोचते. म्हणून या टप्प्यावर उकळून गार केलेल्या पाण्याचा हलका फवारा आठवड्यातून एकदा द्या. डबा कोरडा राहिला तर पापुद्रे महिनोन्‌महिने तसेच हिरवे राहतात आणि रोप एकही येत नाही.

पहिली खरी पाने चिमुकली, चमच्यासारखी असतात. ती बोटाच्या पेराएवढी झाली की झाकण रोज थोडे जास्त उघडत दोन-तीन आठवड्यांत पूर्ण काढा, मग चार-पाच रोपांचा पुंजका एकत्रच उचलून बारीक केलेल्या त्याच मिश्रणावर टेकवा, पुरू नका. पुंजक्यातली रोपे एकमेकांना भिडू लागली की वेगळी करा आणि पाचव्या टप्प्यातल्या खोलीनेच लावा.